नारळ, एल-रॉड आणि जमिनीखालची ‘ऊर्जा’: बोअर घेण्याआधी हे ऐका

ज्यांना ऐकण्यापेक्षा वाचायला आवडतं, त्यांच्यासाठी हा आजचा एपिसोड.

बुलढाणा जिल्ह्यात बोअर घ्यायचा म्हटलं की मशीनच्या आधी शेतात येतो तो पाणाड्या. कुणाच्या तळहातावर नारळ, कुणाच्या हातात झाडाची बेचकी, कुणाकडे तांब्याच्या दोन वाकवलेल्या तारा, म्हणजे एल-रॉड. पायाळू माणसाला जमिनीतलं पाणी कळतं, असंही आपल्याकडे मानतात. आता अँटेना लावलेले ‘एनर्जी स्कॅनर’ही आलेत. दावा सगळ्यांचा सारखाच: जमिनीखालून पाणी वाहतं, त्यातून ऊर्जेच्या लहरी वर येतात आणि हातातली वस्तू त्या पकडते.

आता पहिली गोष्ट. रॉड फिरतो, हे खरं आहे. बहुतेक वेळा पाणाड्या मुद्दाम फसवत नसतो. मग फिरतो कसा? एल-रॉड हातात अगदी सैल धरलेला असतो. मनगट जरासं कललं तरी तार पूर्ण वळते. नारळही तळहातावर असाच नाजूक तोल सांभाळून असतो. ‘इथं पाणी असेल’ असं मनात आलं की स्नायू नकळत हलतात आणि ती बारीक हालचाल यंत्र मोठी करून दाखवतं. विल्यम कार्पेंटर या शास्त्रज्ञाने १८५२ मध्येच या प्रकाराला ‘आयडिओमोटर’ असं नाव दिलं. म्हणजे सेन्सर जमिनीत नाही, आपल्या डोक्यात आहे.

याची मोठी चाचणी जर्मनीत म्युनिकजवळ १९८७-८८ मध्ये झाली. सुमारे ५०० पाणाड्यांमधून सगळ्यात चांगले ४३ निवडले. दुमजली कोठारात खालच्या मजल्यावर पाण्याचा पाइप सरकवायचा आणि वरच्याने तो कुठं आहे ते सांगायचं. अशा ८४३ चाचण्या झाल्या. काही जणांना खरंच जमतं, असा निष्कर्ष संशोधकांनी काढला. पण जेम्स एनराइट यांनी १९९९ मध्ये तेच आकडे पुन्हा तपासले, तेव्हा ते अंदाजाने सांगितल्यासारखेच निघाले.

यात काय बिघडलं, असं वाटत असेल तर एडीई ६५१ चं उदाहरण बघा. मुठीला सैल अँटेना लावलेलं हे यंत्र ‘बॉम्ब शोधतं’ म्हणून इराकला विकलं गेलं. आत बॅटरीसुद्धा नव्हती. विकणाऱ्या जेम्स मॅककॉर्मिकला २०१३ मध्ये ब्रिटनमध्ये १० वर्षांची शिक्षा झाली.

‘पण भाऊ, आमच्या वावरात तर नारळ उभा राहिला तिथंच पाणी लागलं!’ लागणारच की. चिखली, मेहकर, लोणारकडचा भाग बेसाल्ट खडकाचा, लाव्ह्याचे थर एकावर एक बसलेले. पाणी नदीसारखं वाहत नाही. ते झिजलेल्या मुरमात, भेगांमध्ये आणि सच्छिद्र थरांत साठतं. त्यामुळे बऱ्याच ठिकाणी थोडंफार पाणी लागतंच. शिवाय अनुभवी पाणाड्याला उतार, झाडं, शेजारच्या विहिरी दिसत असतात. लागलेले बोअर गावभर सांगितले जातात, कोरडे गेलेले घरातच राहतात.

पूर्णा खोऱ्यात, संग्रामपूर, जळगाव जामोद, शेगावकडे प्रश्न वेगळा आहे. तिथल्या खारपाणपट्ट्यात पाणी असतं, पण खारट. पाणी लागलं म्हणून नारळ खरा ठरतो. ते पिण्यासारखं आहे का, हे तो सांगत नाही.

ते सांगायला खरं हातातलं यंत्र आहे: टीडीएस मीटर. त्यातल्या दोन इलेक्ट्रोडमधून पाण्यात वीज जाते. क्षार जास्त तर वीज सहज वाहते, आणि त्यावरून आकडा येतो. भारतीय मानकानुसार पिण्याच्या पाण्यात लिटरला ५०० मिलिग्रॅमपर्यंत टीडीएस चालतो. दुसरा स्रोतच नसेल तर २००० पर्यंत. मात्र नायट्रेट किती, जंतू आहेत का, हे मीटर सांगत नाही. त्यासाठी प्रयोगशाळाच लागते.

बोअरची जागा शोधायला रेझिस्टिव्हिटी सर्व्हे असतो. जमिनीत चार सळ्या ठोकतात, बाहेरच्या दोनमधून वीज सोडतात, आतल्या दोनवर व्होल्टेज मोजतात. ओला, भेगाळलेला खडक वीज वाहू देतो. कोरडा, घट्ट खडक अडवतो. चिकणमाती आणि खारं पाणीही वीज वाहू देतात, म्हणून इथंही चुका होतात. पण आकडे कागदावर असतात आणि दुसरा माणूस तेच पुन्हा मोजू शकतो. खरं यंत्र आणि नारळ यांच्यात फरक आहे तो हाच. बोअर घेण्याआधी भूजल सर्वेक्षण आणि विकास यंत्रणेच्या जिल्हा कार्यालयात विचारा.

आणि घरचे ऐकत नसतील तर भांडू नका, चाचणी लावा. दोन सारख्या झाकलेल्या बादल्या घ्या. कोणत्या बादलीत पाणी ठेवायचं, हे नाणं उडवून ठरवा. ठेवणाऱ्याने निघून जायचं, मग पाणाड्याला बोलवायचं. असं १० वेळा. नुसत्या नशिबाने ९ किंवा १० बरोबर येण्याची शक्यता १०२४ पैकी ११, म्हणजे साधारण एक टक्का. वाहतंच पाणी पाहिजे म्हणाले, तर दोन पाइप झाकून ठेवा, एकात पाणी सोडा, फक्त आवाज येऊ देऊ नका. किती बरोबर आले तर मानायचं, हे मात्र आधीच ठरवा.

ही चाचणी फुकट होते. बोअर कोरडा गेला तर पैसे परत मिळत नाहीत, आणि ते बहुतेक वेळा उसनवारीचे असतात. ज्यांच्या घरी यंदा बोअरचा विषय निघालाय, त्यांना हा एपिसोड नक्की पाठवा. भेटूया पुढच्या भागात!