बिल्ला जर्मन, रस्ता बीडचा!

पुण्यात जॉब, बीडमध्ये घर आणि मनात जर्मन कार... नवी घ्यायची की सेकंडहँड? चेकवर सही करण्याआधी हे वाचाच.

शुक्रवारी रात्री अकराला फोन वाजला. हिंजवडीतल्या आयटी कंपनीत काम करणारा माझा मावसभाऊ. आवाजात दिवाळी.

‘‘ताई, गाडी फायनल करायलोय. जर्मन!’’

साहेबांसमोर दोन पर्याय होते. एक, शोरूममधली कोरी करकरीत फोक्सवॅगन व्हर्टस. दोन, जवळपास तेवढ्याच पैशात नऊ वर्षं जुनी, लेदर सीट आणि सनरूफवाली लक्झरी सेडान. मन कुठे ओढ घेत होतं, हे सांगायला नको. गेवराई तालुक्यातल्या आपल्या गावात, पारासमोर ती लक्झरी सेडान उभी राहिली की काय होईल, याचा पिक्चर त्याच्या डोक्यात आधीच रिलीज झाला होता.

अडचण एकच होती. गावी फोन केला तेव्हा अण्णांनी, म्हणजे त्याच्या वडिलांनी, ना किंमत विचारली ना मायलेज. एवढंच विचारलं, ‘‘बिघडली तर न्यायची कुठं?’’

भाऊ म्हणाला, ‘‘अण्णांना काय कळतंय गाड्यांतलं!’’

मला विचाराल तर अण्णांनाच कळतं. कसं, ते बघू.

मर्सिडीज आपल्याला नवी नाही!

जर्मन गाडी म्हणजे मोठ्या शहरातल्यांचं काम, असं वाटत असेल तर जरा मागे जाऊ. १९५४ मध्ये टेल्को, म्हणजे आजची टाटा मोटर्स, आणि जर्मनीची डेमलर-बेंझ यांचा करार झाला. १९६९ पर्यंत चाललेल्या या भागीदारीतून जमशेदपूरला ट्रक तयार झाले आणि ‘टाटा-मर्सिडीज’ हे नाव गावोगावी पोचलं. अण्णांच्या लहानपणी मर्सिडीज म्हणजे कार नव्हेच, माल वाहणारा ट्रक!

पुढे १९९४ मध्ये मर्सिडीज-बेंझची भारतीय कंपनी पुण्यात आली आणि २००९ मध्ये तिचा नवा कारखाना चाकणला सुरू झाला. त्याच वर्षी फोक्सवॅगननेही चाकणला कारखाना उघडला. आपल्या शेजारच्या औरंगाबादला, म्हणजे आताच्या छत्रपती संभाजीनगरला, शेंद्र्यात २००१ पासून स्कोडा होतीच. स्कोडा मूळची चेक, पण घराणं फोक्सवॅगनचंच. त्याच शेंद्र्यात ऑडीही जोडली जाते. थोडक्यात काय, तर यातल्या बऱ्याच ‘इम्पोर्टेड’ वाटणाऱ्या गाड्या आपल्या घरापासून दोन-तीन तासांवर किंवा फार तर अर्ध्या दिवसाच्या अंतरावर बनतात.

आणि ऑक्टोबर २०१० कोण विसरेल? औरंगाबादच्या मंडळींनी एकत्र येऊन एका झटक्यात १५० मर्सिडीज घेतल्या. एकूण सौदा सुमारे ६५ कोटींचा. देशभर बातमी झाली. एकेकट्याने शोरूममध्ये जाण्यापेक्षा दीडशे जणांनी मिळून बोलणी केली, हा त्यातला खरा बिझनेस फंडा.

पण त्या बातमीला दुसरी बाजूही होती. पत्रकार पी. साईनाथ यांनी त्याच डिसेंबरात ‘द हिंदू’मध्ये लिहिलं, की या गाड्यांसाठी स्टेट बँकेने ७ टक्क्यांनी कर्ज दिलं आणि त्याच मराठवाड्यातल्या शेतकऱ्याला ट्रॅक्टरसाठी त्याहून कितीतरी जास्त व्याज भरावं लागत होतं. ऊस आणि दुष्काळ दोन्ही बघितलेल्या घरातून आलेल्या पोराने हप्त्याच्या कागदावर सही करताना हे आठवलेलं बरं. आणखी एक लक्षात ठेवा. जुन्या गाडीचं कर्ज नव्या गाडीच्या कर्जापेक्षा साधारणपणे महाग पडतं. ‘स्वस्तात मिळाली’ म्हणताना व्याजासकट हिशेब करा.

अंतराचं गणित

आता अण्णांच्या प्रश्नाकडे येऊ. बीड शहरात पहिली रेल्वे आली ती १७ सप्टेंबर २०२५ ला. तोपर्यंत परळीकडचा भाग सोडला तर जिल्ह्यातल्या बहुतेकांना एसटी, जीप नाहीतर स्वतःची गाडी. त्यामुळे इथे कार ही नुसती चैनीची वस्तू नाही. रात्री दोन वाजता कुणाला संभाजीनगरच्या दवाखान्यात न्यायचं झालं, तर ती चालू व्हायलाच हवी.

एक साधं उदाहरण घ्या. बीएमडब्ल्यूच्या अनेक मॉडेल्समध्ये स्टेपनी नसते. त्याऐवजी ‘रनफ्लॅट’ टायर असतात. पंक्चर झालं तरी साधारण ८० किलोमीटरपर्यंत, ताशी ८० च्या आत, गाडी हाकता येते. टेक्नॉलॉजी सॉलिड आहे, वादच नाही. पण बीड ते संभाजीनगर हे अंतर सव्वाशे किलोमीटरच्या वर! म्हणजे बीडजवळ पंक्चर झालं तर टायर तुम्हाला वाटेत कुठेतरी सोडणार. आणि त्या कडक भिंतीचा टायर रिममधून काढणं हे नाक्यावरच्या पंक्चरवाल्याच्या नेहमीच्या कामातलं नाही.

गाडी खराब नाहीये. ती ज्या रस्त्यांसाठी बनली, तिथे दर पन्नास किलोमीटरवर वर्कशॉप असतं, एवढंच.

माझ्या एका मित्राने हे दामदुपटीने शिकून घेतलं. दोन वर्षांपूर्वी त्याने पुण्यातून एक जुनी जर्मन ऑटोमॅटिक घेतली. ब्रँडचं आणि विकणाऱ्याचं नाव जाऊ द्या. गणपतीला गावी निघाला, जामखेडच्या पुढे गिअर अडकला. रात्र, पाऊस, सोबत आई. पहाटे टोइंगची गाडी आली आणि ही महाराणी पाठीवर बसून पुण्याला परत. गिअरबॉक्सच्या बिलात एक चांगली बुलेट आली असती. गाडी घेताना त्याने सगळं बघितलं होतं. म्युझिक सिस्टीमसुद्धा! फक्त गिअरबॉक्सचं काम कधी, कुठे झालं, हे विचारलं नव्हतं.

नवी घेताय?

नव्यात आपल्या खिशाच्या जरा जवळ येतात त्या फोक्सवॅगनच्या टायगुन (२०२१) आणि व्हर्टस (२०२२), तसंच त्यांची स्कोडाकडची भावंडं कुशाक आणि स्लाव्हिया. या भारतासाठीच बेतलेल्या गाड्या. बहुतांश पार्ट इथेच बनतात, त्यामुळे जुन्या जर्मन गाड्यांसारखा ‘पार्ट बाहेरून येणार, महिनाभर थांबा’ हा प्रकार कमी. ग्लोबल एनकॅपच्या क्रॅश टेस्टमध्ये टायगुन आणि कुशाकला २०२२ मध्ये, तर व्हर्टस आणि स्लाव्हियाला २०२३ मध्ये पाच स्टार मिळाले. सिंगल रोडवर समोरून उसाची ट्रॉली अंगावर येते, तेव्हा या स्टारांची किंमत कळते.

इंजिन दोन. १.० लिटर टीएसआय आणि १.५ लिटर टीएसआय, दोन्ही पेट्रोल. फोक्सवॅगनने भारतातलं डिझेल २०२० मध्ये बीएस-६ येताना बंद केलं.

खरी गोम ऑटोमॅटिकमध्ये आहे. १.० मध्ये साधा टॉर्क कन्व्हर्टर मिळतो. १.५ मध्ये सात गिअरचा डीएसजी. यात कोरडे क्लच दोन असतात. एक गिअर लागलेला असताना दुसरा तयारच असतो, म्हणून पिकअप झकास. पण हिंजवडीच्या ट्रॅफिकमध्ये गाडी इंच-इंच सरकवली की हेच क्लच तापतात. कोरड्या क्लचच्या सात गिअरच्या डीएसजीचा इतिहासही डागाळलेला आहे. २०१३ मध्ये चीनमध्ये डीएसजीच्या तक्रारींवरून कंपनीला लाखो गाड्या परत बोलवाव्या लागल्या होत्या. त्यानंतर सुधारणा झाल्या, तरी आठवडाभर ट्रॅफिक आणि वीकएंडला गाव असा तुमचा दिनक्रम असेल, तर १.० मॅन्युअल किंवा १.० टॉर्क कन्व्हर्टर हा डोक्याला शांत ठेवणारा पर्याय.

सेकंडहँड घेताय?

मग पोलोपासून सुरू करू. २०१० ते २०२२ अशी बारा वर्षं ही गाडी भारतात विकली गेली. पार्ट मिळतात, हात बसलेले मेकॅनिकही मिळतात. पण वर्ष बघून घ्या. जानेवारी २०१४ च्या ग्लोबल एनकॅप निकालात एअरबॅग नसलेल्या पोलोला शून्य स्टार आणि दोन एअरबॅगवाल्या पोलोला चार स्टार मिळाले. त्यानंतर कंपनीने बिनएअरबॅगची पोलो विकणं बंद केलं. म्हणून त्याआधीची घेत असाल, तर एअरबॅग आहेत का, हा पहिला प्रश्न.

२०१५ आधीची डिझेल असेल तर आणखी एक. त्या वर्षी जगभर गाजलेल्या एमिशन घोटाळ्यानंतर फोक्सवॅगन, स्कोडा आणि ऑडी मिळून भारतात सुमारे ३ लाख २३ हजार गाड्या सॉफ्टवेअर बदलण्यासाठी परत बोलवण्यात आल्या होत्या. तुमच्या गाडीचं ते काम झालंय का? चॅसी नंबर देऊन अधिकृत वर्कशॉपमध्ये विचारा.

आणि ती नऊ वर्षांची लक्झरी सेडान? एक सोपं सूत्र सांगते. गाडी जुनी झाली की गाडीची किंमत उतरते, पार्टची नाही! चाळीस लाखांची गाडी दहा लाखांत मिळते, पण तिचा हेडलॅम्प चाळीस लाखांच्या गाडीचाच असतो.

इन्शुरन्सलाही तेच लागू. विम्याच्या ठरलेल्या तक्त्याप्रमाणे चार ते पाच वर्षं वयाच्या गाडीची किंमत निम्मी धरतात. क्लेममध्ये प्लास्टिक आणि रबरच्या पार्टवर ५० टक्के कापून घेतात. बंपर फुटला तर अर्धे पैसे तुमचे. ही कपात टाळणारं ‘झीरो डेप’ कव्हर अनेक कंपन्या पाच-सात वर्षांपुढच्या गाडीला देत नाहीत. म्हणजे जिथे सगळ्यात जास्त गरज, तिथेच छत्री नाही.

चौकट : टोकन देण्याआधी

• गाडी थंड असतानाच पाहा. आधीच गरम करून ठेवली असेल, तर दुसऱ्या दिवशी सकाळी जा.

• चॅसी नंबरवरून अधिकृत वर्कशॉपमधून सर्व्हिस हिस्टरी काढा. शेवटच्या सर्व्हिसचे किलोमीटर आणि मीटरवरचे किलोमीटर जुळतात का?

• स्कॅनर लावून एरर कोड बघणारा मेकॅनिक सोबत न्या. हजार-दोन हजार खर्च होतील, लाख वाचतील.

• ऑटोमॅटिक असेल तर चढावर, हळू स्पीडला चालवा. पहिल्या-दुसऱ्या गिअरला झटका किंवा थरथर जाणवली तर नमस्कार करून निघा.

• गाडी खालून बघा. इंजिनाच्या चेंबरला मार लागलाय का, वेल्डिंग केलंय का?

• कार्पेट उचलून बघा. कुबट वास, सीटच्या पट्ट्यांखाली गंज म्हणजे गाडी पाण्यात बुडालेली असू शकते.

• टायरवरचे चार आकडे वाचा. पहिले दोन आठवडा, पुढचे दोन वर्ष. ‘२३१९’ म्हणजे २०१९ चा तेविसावा आठवडा.

• आरसीवर बँकेचा बोजा असेल तर एनओसी आणि फॉर्म ३५ हातात घ्या. ट्रान्सफरसाठी फॉर्म २९ आणि ३०. विमा १४ दिवसांत आपल्या नावावर करून घ्या. जुनी चलनं ऑनलाइन तपासा.

• दिल्ली पासिंगची डिझेल फार स्वस्त मिळतेय? तिथल्या दहा वर्षांच्या नियमामुळे अशा गाड्या बाहेर येतात. एमएच-२३ पासिंग करायचं तर महाराष्ट्राचा टॅक्स पुन्हा भरावा लागतो, तो किमतीत धरा.

मग ठरलं काय?

पुढच्या रविवारी आम्ही दोघं, ओळखीच्या मेकॅनिक काकांना घेऊन, ती लक्झरी सेडान बघायला गेलो. काकांनी स्कॅनर लावला, खाली वाकून बघितलं आणि सीटवर हात फिरवत म्हणाले, ‘‘गाडी फर्स्टक्लास आहे बाळा. पुण्यात राहणार असशील तर घे. गावाला न्यायची असेल तर मागं दुसरी गाडी ठेव.’’

भाऊ बराच वेळ गप्प. मग त्याने मोबाइल काढला आणि गावापासून जवळच्या अधिकृत वर्कशॉपचं अंतर दोन्ही ब्रँडसाठी शोधलं. तिथून घरापर्यंत टोइंगला किती घेतील, हेही एक-दोन ठिकाणी विचारलं. हे आकडे त्याने याआधी कधीच बघितले नव्हते.

शेवटी त्याने ना कोरी घेतली, ना लक्झरी. दोन वर्षं वापरलेली, पहिल्या मालकाची, सगळ्या सर्व्हिस वेळेवर झालेली १.० लिटर मॅन्युअल व्हर्टस घेतली. कंपनीची वॉरंटी अजून शिल्लक होती, ती लेखी बघूनच. हप्ता बसला तो पगाराच्या पाचव्या हिश्शात. उरलेल्या पैशांतून त्याने गावी पाइपलाइनचं अर्धवट राहिलेलं काम करून घेतलं.

दिवाळीला गाडी पारासमोर उभी राहिली. सनरूफशिवायही गर्दी जमली! अण्णांनी एक चक्कर मारून बिल्ला बघितला, चाकाला लाथ मारली आणि डिकी उघडायला लावली.

‘‘स्टेपनी हाय का?’’

होती.

‘‘मग चल, गेवराईला जाऊन येऊ.’’