जपानी कामपटांतील स्त्रीवासना : दमन आणि निग्रह

दमन व निग्रह हे शब्द सैल वापरात समानार्थी भासतात. तथापि दमन करणारा परका असू शकतो. निग्रह मात्र ज्याचा त्यानेच करावयाचा असतो. जपानी कामपटांतील स्त्रीचा विचार करताना हा भेद ध्यानी घेणे अगत्याचे आहे.

१९०७ च्या जपानी दंडसंहितेनुसार व्यभिचाराचा गुन्हा विवाहित स्त्री व तिचा जार यांच्यापुरताच होता. पतीच्या बाहेरख्यालीस तो लागू नसे. हे कलम १९४७ साली रद्द झाले. 'सुपत्नी व सुज्ञ माता' या मेइजीकालीन आदर्शाने हेच बाह्य दमन स्त्रीच्या मनात निग्रहरूपाने रुजविले होते.

१९७१ साली निक्कात्सु कंपनीने 'रोमान पोर्नो' ही चित्रपटमालिका सुरू केली. तीतील पुष्कळ चित्रपटांत स्त्रीची वासना पुरुषाच्या बळजबरीतून जागी होते. व्याकरणाच्या परिभाषेत सांगावयाचे तर येथे पुरुष प्रयोजक आणि स्त्री प्रयोज्य ठरते. वासना तिची म्हणावयाची, पण प्रवर्तन त्याचे.

नागिसा ओशिमा यांच्या 'आइ नो कोरीदा' (१९७६) या चित्रपटात हा संबंध उलटतो. मे १९३६ मध्ये तोक्योत आबे सादा हिने आपला प्रियकर इशिदा किचिझो याचा गळा आवळून त्याचे लिंग कापले, ही त्यामागील सत्य घटना. चित्रपटात मागणी सादाची असते व किचिझो तिला वश होत जातो. 'आइ' म्हणजे प्रेम, 'नो' हा षष्ठीचा प्रत्यय आणि 'कोरीदा' हा बैलझुंजीचा स्पॅनिश शब्द. झुंज प्रेमाची की प्रेमाशी, हे ती षष्ठी अनिर्णीतच ठेवते.

एका दृश्यात संचलन करणाऱ्या सैनिकांच्या विरुद्ध दिशेने किचिझो एकटाच चालत जातो. राष्ट्र देह मागत असता हे दोघे तो देह केवळ सुखासाठी राखतात. परंतु त्यांचे स्वातंत्र्य बंद खोलीपुरतेच उरते व मृत्यूत संपते. सादाला कर्तृपद लाभते, जग लाभत नाही.

चित्रीकरण जपानमध्ये झाले, तरी फिती धुण्यासाठी फ्रान्सला पाठवाव्या लागल्या. जपानी प्रेक्षकांना काही भाग धूसर करूनच दाखविण्यात आला. पटकथा व छायाचित्रे यांच्या पुस्तकावर अश्लीलतेचा खटला झाला. १९७९ साली ओशिमा निर्दोष ठरले आणि १९८२ साली वरिष्ठ न्यायालयाने तो निर्णय कायम केला. काय दाखविले, एवढेच कायद्याने विचारले. इच्छा कोणाची, हा चित्रपटाचा मूळ प्रश्न त्याच्या कक्षेत आलाच नाही.