स्टुडिओ स्वतःचा, हप्ताही स्वतःचा: नितीन देसाईंच्या करिअरमधून छोट्या उद्योजकानं काय घ्यायचं?



आधी एक कबुली देतो. काही वर्षांपूर्वी माझ्या प्रत्येक ट्रेनिंगमध्ये एक स्लाइड ठरलेली असायची. कर्जतच्या एन. डी. स्टुडिओचा फोटो, खाली मोठ्या अक्षरात "स्वप्न मोठं बघा". कोकणातल्या मराठी माणसानं असिस्टंट म्हणून सुरुवात केली आणि स्वतःचा स्टुडिओ उभा केला, असं मी सांगायचो आणि हॉलमध्ये टाळ्या पडायच्या.

२ ऑगस्ट २०२३ ला बातमी आली. नितीन चंद्रकांत देसाई गेले. त्याच स्टुडिओत, ५८ व्या वाढदिवसाला आठवडा बाकी असताना, त्यांनी आयुष्य संपवलं. डोक्यावर मोठं कर्ज होतं. ती स्लाइड मी काढून टाकली. पण नुसती स्लाइड काढून भागत नाही. टाळ्या घेताना मी अर्धीच गोष्ट सांगत होतो. आज पूर्ण सांगतो.

आणि आज सांगायचं कारणही आहे. मागच्या महिन्यात मुरुडमधला एक पोरगा मला भेटायला आला. लग्नाचं डेकोरेशन करतो, हात चांगला आहे, डोकं त्याहून चांगलं. म्हणाला, "सर, साडेबारा लाखाचं कर्ज काढतोय. ट्रस, स्टेज, एलईडी, सोफे, सगळं स्वतःचं. भाड्याच्या मालावर किती दिवस काढायचे?" त्याला जे सांगितलं तेच तुम्हालाही सांगतो. पण आधी देसाईंची गोष्ट.

चौथा असिस्टंट ते चार राष्ट्रीय पुरस्कार

जन्म १९६५ चा, दापोलीचा. मुंबईत जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये शिक्षण. १९८७ मध्ये कलादिग्दर्शक नितीश रॉय यांच्या हाताखाली ते कामाला लागले. पहिलं काम गोविंद निहलानींच्या 'तमस' मालिकेचं, आणि हुद्दा चौथ्या असिस्टंटचा. चौथा म्हणजे काय, कळतंय ना? वर तिघं, आणि उरलेलं सगळं तुमच्याकडे. पुढे काही वर्षं त्यांनी रॉय यांच्याबरोबर काढली. नंतर 'चाणक्य' मालिकेच्या सुरुवातीच्या भागांचं कलादिग्दर्शन केलं.

१९९४ ला विधू विनोद चोप्रांचा '१९४२: अ लव्ह स्टोरी' आला आणि नाव झालं. मग 'खामोशी', 'हम दिल दे चुके सनम', 'डॉ. बाबासाहेब आंबेडकर', 'लगान', 'देवदास'. यातल्या शेवटच्या चार सिनेमांसाठी त्यांना कलादिग्दर्शनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. चार वेळा! 'मुन्नाभाई'पासून 'जोधा अकबर', 'प्रेम रतन धन पायो', 'पानिपत'पर्यंत यादी लांबलचक आहे. लालबागच्या राजाचा देखावाही त्यांच्या हातचा. म्हणजे आपल्या मंडपवाल्या भावांनो, हा माणूस तुमच्याच धंद्यातला होता, फक्त मंडप जरा मोठा.

कलादिग्दर्शक नेमकं करतो काय?

पुष्कळांना वाटतं, चित्र काढायचं आणि सुतारानं ठोकायचं. तसं नसतं. आधी पटकथा हातात येते. प्रत्येक सीन कुठे घडतो, कोणत्या काळातला आहे, माणूस गरीब की श्रीमंत, दार कुठे हवं, कॅमेरा कुठून फिरणार, हे सगळं काढायचं. मग स्केच, मग छोटं मॉडेल, मग खर्चाचा अंदाज. निर्मात्यानं आकडा मान्य केला की सुतार, रंगारी, पीओपीवाले, कापडवाले, वेल्डर अशी फौज लावायची. शूटिंगच्या तारखेला सेट तयार पाहिजे म्हणजे पाहिजे. हिरोची तारीख तुमच्यासाठी थांबत नाही. लग्नाचा मुहूर्त थांबतो का?

'लगान'चं चंपानेर आठवा. ते गाव अस्सल वाटतं, पण अख्खं गाव भूजजवळच्या कुनरिया इथं उभारलेला सेट होता. मातीच्या भिंती, कच्छी पद्धतीची घरं, वर टेकडीवर देऊळ. २००० च्या जानेवारीत शूटिंग सुरू व्हायच्या आधी गाव उभं पाहिजे होतं, आणि ते उभं राहिलं.

आता इथं थांबून धंद्याच्या नजरेनं बघा. या कामात देसाईंचं भांडवल काय होतं? डोकं, हात, माणसं आणि नाव. माल कुणाच्या पैशातून येतो? निर्मात्याच्या. जागा कुणाची? निर्मात्यानं भाड्यानं घेतलेली. सिनेमा पडला तर नुकसान कुणाचं? निर्मात्याचं. काम नसेल त्या महिन्यात खर्च किती? घरखर्च आणि ऑफिसचं भाडं, बस्स.

हा फार ताकदीचा धंदा आहे मित्रांनो. आपण त्याला "फक्त सर्व्हिस" म्हणून हिणवतो, तिथं चुकतो.

मग आला स्टुडिओ

२००५ मध्ये कर्जतला एन. डी. स्टुडिओ सुरू झाला. पन्नासेक एकर जागा. कल्पना चांगली होती. मुंबईत जागा कमी, भाडं जास्त आणि सेट बांधून मोडायचा. त्यापेक्षा सेट कायमचे ठेवले तर? 'जोधा अकबर'चे भव्य सेट इथंच उभे राहिले. देसाई निर्मातेही झाले. 'राजा शिवछत्रपती' ही मालिका आणि २०११ चा 'बालगंधर्व' सिनेमा त्यांच्या निर्मितीतले. स्टुडिओ बघायला पर्यटकांनाही प्रवेश दिला. एकाच मालमत्तेतून दुसरी कमाई काढायची, हा विचार अगदी बरोबर होता.

पण धंद्याची जात बदलली होती. आधी ते कारागीर होते. आता जमीनमालक, सेटमालक आणि निर्मातेही. आधी शूटिंग नसेल तर नुकसान दुसऱ्याचं व्हायचं. आता शूटिंग नसेल तरी वॉचमन, वीज, डागडुजी, पगार आणि व्याज चालूच. पावसाळ्यात प्लायवूड आणि पीओपीचा सेट नुसता उभा ठेवायचा म्हटलं तरी पैसा लागतो.

आता आकडे बघा. २०१६ आणि २०१८ मध्ये मिळून त्यांच्या कंपनीनं एका वित्तसंस्थेकडून १८५ कोटींचं कर्ज घेतलं. जानेवारी २०२० पासून परतफेड अडली. मार्चमध्ये कोविड आला, देशभरातलं शूटिंग बंद. मे २०२१ मध्ये स्टुडिओत आग लागली, 'जोधा अकबर'चा सेट जळाला. थकबाकी व्याजासकट २५२ कोटींवर गेली. २५ जुलै २०२३ ला राष्ट्रीय कंपनी कायदा न्यायाधिकरणानं कंपनीविरुद्ध दिवाळखोरीची प्रक्रिया सुरू करायला मंजुरी दिली. १ ऑगस्टला त्यावरचं अपील फेटाळलं गेलं. दुसऱ्या दिवशी सकाळी बातमी आली.

एखादा माणूस का जातो, याचं उत्तर बाहेरून कुणी देऊ नये. मीही देणार नाही. पण धंद्याचं गणित आपण बघू शकतो, आणि बघायलाच पाहिजे.

आता मुरुडचं गणित

त्या पोराला म्हटलं, बस खाली, वही काढ.

मागच्या सीझनला त्यानं २६ ऑर्डरी केल्या. माल लातूरहून भाड्यानं आणतो. मजुरी, डिझेल, फुलं, मालाचं भाडं जाऊन एका ऑर्डरमागे १२ हजार उरतात. दुकानाचं भाडं महिन्याला ५ हजार.

२६ × १२,००० = ३,१२,०००. दुकानाचे ६०,००० गेले. उरले २,५२,०००.

आता कर्ज काढून सगळा माल स्वतःचा. भाडं वाचलं, त्यामुळं ऑर्डरमागे २० हजार उरतील. ऐकायला भारी! पण साडेबारा लाखांचा ५ वर्षांचा हप्ता साधारण २८ हजार, गोडाऊन ८ हजार, माल सांभाळायला कायमची दोन माणसं २४ हजार. झाले महिन्याला ६० हजार, वर्षाला ७,२०,०००.

२६ × २०,००० = ५,२०,०००. म्हणजे त्याच २६ ऑर्डरींवर वर्षाला २ लाखांचा तोटा!

नुसतं शून्यावर यायला ३६ ऑर्डरी लागतात. आजच्याइतके पैसे घरी न्यायचे तर ४९. पोरगा गप्प झाला. मग म्हणाला, "सर, ४९ होतील की. मालामुळं नाव होईल."

म्हटलं, होतील. पण मला सांग, एका मुहूर्ताला किती लग्नं असतात? चार-पाच. तुझा ट्रस एकाच ठिकाणी लागणार. तिथं तुझं नाव कामाला येत नाही, उरलेल्या लग्नांसाठी पुन्हा भाड्याचाच माल लागणार. आणि चातुर्मासात? तेव्हा लग्नं नाहीत, हप्ता मात्र आहे. एखाद्या वर्षी पाऊस रुसला, सोयाबीनला भाव नाही, लोकांनी लग्नं घरासमोर उरकली आणि ऑर्डरी १५ वर आल्या तर?

आजच्या पद्धतीत १५ ऑर्डरींवर १,२०,००० उरतात. ओढाताण होईल, पण चूल पेटेल. मोठ्या कर्जावर ४,२०,००० चा तोटा. एकाच वर्षात.

मग मोठं व्हायचंच नाही का?

व्हायचं! पण पायरीनं. त्याला विचारलं, सगळ्यात जास्त भाडं कशाचं जातं? खुर्च्या, गालिचे, सोफे. मग फक्त तेवढंच घे. तीन लाखांत बसतं. मुद्रा योजनेत किशोर गटात ५ लाखांपर्यंत कर्ज आहे, तारण लागत नाही. हप्ता ६,७०० च्या आसपास, माल घरच्या शेडमध्ये मावतो. ऑर्डरमागे १६ हजार उरतील. २६ ऑर्डरींवर वर्षाला २,७५,००० च्या वर, म्हणजे आजच्यापेक्षा जास्त. आणि १५ ऑर्डरींच्या वाईट वर्षातही लाखभर शिल्लक. महागडा ट्रस आणि एलईडी, जे सीझनला पाच-सात वेळाच लागतात, ते खुशाल भाड्यानं आण.

कर्ज घेण्याआधी हे चार प्रश्न वहीत लिहा:

१. काम शून्य असेल त्या महिन्यात खर्च किती? हा आकडा तोंडपाठ पाहिजे. निदान सहा महिन्यांचा तेवढा पैसा बाजूला असल्याशिवाय मोठा हप्ता घेऊ नका.

२. सगळ्यात वाईट वर्षात हप्ता निघतो का? बँकेला आपण चांगल्या वर्षाचे आकडे दाखवतो. घरी वाईट वर्षाचे मांडा.

३. तारण काय ठेवतोय, जामीन कोण? मशीन जाणं वेगळं आणि राहतं घर किंवा शेत जाणं वेगळं. सही करण्याआधी घरच्यांना बसवून वाचून दाखवा.

४. ही वस्तू माझं कौशल्य वाढवते की नुसता रुबाब? रुबाब भाड्यानं मिळतो.

हप्ता अडला तर

हे नीट वाचा. हप्ता ९० दिवसांपेक्षा जास्त थकला की खातं एनपीए होतं. त्यानंतर बँकेच्या हातातही पर्याय कमी उरतात. म्हणून पहिला हप्ता चुकायची वेळ आली की त्याच आठवड्यात मॅनेजरसमोर जाऊन बसा. मुदत वाढवून हप्ता कमी करता येतो का, विचारा. लेखी अर्ज द्या, पोच घ्या. फोन बंद करून बसू नका. आणि एक हप्ता भरायला खासगी सावकाराच्या दारात तर अजिबात जाऊ नका.

माल विकावा लागला तर विका. धंदा बंद करावा लागला तर करा. धंदा म्हणजे तुम्ही नाही. देसाईंचा सेट जळाला होता, स्टुडिओ अडकला होता, पण 'लगान'चं गाव उभं करणारं डोकं आणि हात कुठल्याही वित्तसंस्थेकडे गहाण नव्हते. तुमचेही नसतात. आपल्या मराठवाड्यानं कर्जापायी माणसं गमावलीत, त्यामुळं हे मी सहज म्हणून सांगत नाही. झोप उडाली असेल, डोक्यात नको ते विचार येत असतील तर घरच्याशी, मित्राशी बोला. 'टेलीमानस'चा १४४१६ हा सरकारी नंबर आहे, मोफत, चोवीस तास, मराठीतही बोलतात. फोन करायला लाजू नका.

ती स्लाइड मी परत टाकली आहे, बरं का. पण आता फोटो दोन आहेत. एक कर्जतच्या स्टुडिओचा, दुसरा 'लगान'च्या मातीच्या गावाचा. आणि खाली लिहिलंय: "यातल्या कुठल्या कामात धोका दुसऱ्याचा होता?" टाळ्या कमी पडतात आता. वह्या मात्र जास्त उघडतात.

मुरुडच्या पोरानं साडेबारा लाखांची फाइल परत आणली, तीन लाखांची दिली. तुळशीच्या लग्नानंतर सीझन सुरू होईल, तेव्हा त्याचा हिशेब याच चॅनेलवर मांडू, नफा झाला तरी आणि तोटा झाला तरी.

तोवर आज रात्री एकच काम करा. वही काढा आणि पहिल्या प्रश्नाचा आकडा लिहा. भेटू पुढच्या व्हिडिओत!