आधी कंपनी, मग कॅमेरा

दर १ डिसेंबरला कोल्हापूरच्या खरी कॉर्नरला सिनेमावाली मंडळी जमतात आणि तिथल्या कॅमेरा स्तंभापाशी कॅमेऱ्याचं पूजन होतं. महाराष्ट्र फिल्म कंपनीचा हा स्थापना दिवस, साल १९१७ मानतात. या तारखेशेजारी दुसरं एक साल ठेवलं की गंमत लक्षात येते. बाबूराव पेंटरांचा कॅमेरा चालता झाला १९१८ मध्ये. म्हणजे कंपनी निघाली तेव्हा चित्रण करायचं यंत्रच तयार नव्हतं. आमच्या गारगोटीच्या बाजारपेठेत माल भरल्याशिवाय कुणी दुकानावर पाटी लावत नाही. इथे गडी सिनेमाची कंपनी काढून बसला होता.

बाबूराव कृष्णराव मेस्त्री यांचा जन्म ३ जून १८९०चा, कारागिराच्या घरातला. हातात छिन्नी, रंधा, कुंचला काहीही द्या. चुलतभाऊ आनंदराव त्याच तोलाचे. १९१० नंतरची पाच-सहा वर्षं दोघांनी संगीत नाटक मंडळ्यांचे आणि पारशी-गुजराती नाटकांचे पडदे रंगवले. राजवाडा, अरण्य, नदीकाठ, सगळं कापडावर, आणि शेवटच्या रांगेतल्या माणसालाही खरं वाटेल असं. पेंटर हे आडनाव लोकांनीच त्यांना दिलं.

१९१३ मध्ये दादासाहेब फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ आला आणि या दोघांना वेड लागलं. आपण रंगवतो तो पडदा हलत नाही, हा हलतो! फाळके त्याआधी लंडनला जाऊन शिकून आले होते, कॅमेराही तिथूनच घेऊन आले होते. कोल्हापूरच्या पेंटर बंधूंना ती वाट नव्हती. त्यांनी मुंबईच्या चोरबाजारातून सिनेमा दाखवायचं एक जुनं यंत्र, प्रोजेक्टर, मिळवलं. लोकांना सिनेमे दाखवू लागले आणि दुसरीकडे स्वतःचा कॅमेरा जुळवायला बसले.

शोधाची खरी जागा ही. प्रोजेक्टरमध्ये उजेड आतून बाहेर जातो, कॅमेऱ्यात बाहेरून आत येतो. पण दोन्ही यंत्रांच्या पोटात चाल एकच: फिल्म क्षणभर थांबली पाहिजे, मग एक घर पुढे सरकली पाहिजे, पुन्हा थांबली पाहिजे. मूकपटाच्या काळात हे सेकंदाला साधारण सोळा वेळा व्हायचं, तेही हाताने दांडा फिरवून. फिल्म सरकत असताना पडदी मिटलेली हवी, थांबली की उघडी. यात केसभर चूक झाली की चित्राला शेपट्या फुटतात. फिल्मच्या कडेला ओळीने भोकं असतात, यंत्राचे दात त्यांत बसून तिला ओढतात. दात जरा जाड झाला तर भोक फाटतं, बारीक झाला तर चित्र थरथरतं. शिवाय पेटी अशी पाहिजे की उजेडाची रेघ आत शिरता कामा नये. आणि चूक झाली की नाही, हे कळणार फिल्म धुतल्यावरच. तोवर महागडी फिल्म वाया गेलेली असते.

दाखवणाऱ्या यंत्रातून टिपणारं यंत्र उलगडता येतं, हे पुस्तकी अभियंत्याला सुचलं असतंच, पण इथे ते पडदे रंगवणाऱ्यांनी हाताने करून पाहिलं. मला वाटतं, त्यांना यंत्राचं भय नव्हतं हीच त्यांची मोठी पुंजी.

१९१६ मध्ये आनंदराव गेले. कॅमेरा अर्धवट, भाऊ नाही. दुसरा कुणी असता तर पुन्हा पडद्यांकडे वळला असता. त्यात पोट भरत होतं. बाबूराव वळले नाहीत. विष्णुपंत दामले नावाचा शिष्य हाताशी होता. यंत्रात डोकं चालणारा, अबोल माणूस. दोघांनी मिळून काम तडीस नेलं.

यंत्र झालं तरी पैसा लागतोच. तो दिला गायिका तानीबाई कागलकर यांनी. त्या काळी एका बाईने, तेही गाण्यावर जगणाऱ्या बाईने, कुणी न पाहिलेल्या धंद्यात पैसा घालायचा! सिनेमाच्या इतिहासात निर्मात्यांची नावं मोजताना तानीबाईंना एका ओळीत उरकतात, हे मला पटत नाही.

७ फेब्रुवारी १९२० रोजी पुण्याच्या आर्यन सिनेमात ‘सैरंध्री’ लागला. बाबूरावांनी बायकांची कामं बायकांनाच दिली होती. गुलाबबाई आणि अनसूयाबाई या दोघींना त्यापायी समाजाने वाळीत टाकलं आणि त्यांना स्टुडिओच्या आवारातच आसरा घ्यावा लागला. पडद्यावर भीमाने कीचकाला मारलं ते इतकं हुबेहूब की ते दृश्य पुढे सेन्सॉरला कापायला लावावं लागलं. विषयही साधा नव्हता. याच कथेवरच्या खाडिलकरांच्या ‘कीचकवध’ नाटकावर सरकारने १९१० मध्ये बंदी घातली होती. कीचकात लोकांना व्हाइसरॉय कर्झन दिसत होता. लोकमान्यांनी बाबूरावांना ‘सिनेमा केसरी’ म्हटलं, त्यामागे एवढा सगळा संदर्भ आहे.

त्यानंतरचा वेग पाहण्यासारखा. १९२३च्या ‘सिंहगड’मध्ये त्यांनी कृत्रिम प्रकाश वापरला. १९२५च्या ‘सावकारी पाश’मध्ये तर देवादिकांना बाजूला ठेवून कर्जात बुडालेला शेतकरी उभा केला. तो तरुण शेतकरी झाला होता शांताराम वणकुद्रे, पुढचे व्ही. शांताराम. आज मालिका काढणारा निर्माता पैसा, कलाकार, वेळापत्रक सांभाळतो. बाबूराव देखावे रंगवायचे, वेशभूषा ठरवायचे, पोस्टरही स्वतः करायचे.

पण माणसं सांभाळणं हे वेगळं यंत्र. त्याची जुळणी त्यांना जमली नाही. १९२९ मध्ये शांताराम, दामले, फत्तेलाल आणि धायबर कंपनीतून बाहेर पडले, सीताराम कुलकर्ण्यांसह १ जूनला कोल्हापुरातच प्रभात फिल्म कंपनी उभी केली. वर्षा-दोन वर्षांत महाराष्ट्र फिल्म कंपनी थंडावली. बोलपट आला, आणि बाबूरावांनी ‘सावकारी पाश’ १९३६ मध्ये पुन्हा, या वेळी बोलता केला.

त्याच साली प्रभातचा ‘संत तुकाराम’ आला. दिग्दर्शक दामले आणि फत्तेलाल. व्हेनिसच्या महोत्सवात १९३७ मध्ये त्याची वाखाणणी झाली. आनंदरावांच्या मागे तो कॅमेरा पुरा करायला बसलेले दामले ते हेच.