दर्शन झालं, पण पाहणं राहिलं होतं

"अगं, सरस्वती भेटली मला तिथं! मांडीवर वाद्य घेऊन बसलेली!"

थोरल्या वन्सं जपानहून परतल्या आणि पनवेलला आमच्याकडे आल्या आल्या त्यांनी हे सांगितलं. मला वाटलं, थट्टा करताहेत. पण त्यांनी फोनवरचे फोटो दाखवले. तिथं तिला बेंझाइतेन म्हणतात. बौद्ध धर्माबरोबर आपली सरस्वती चीनमार्गे जपानला पोचली आणि तिथलीच होऊन गेली. वन्संचा मुलगा तिकडे नोकरीला आहे. त्याने आईसाठी क्योतो आणि नारा इथली जुनी मंदिरं पाहायला दोन दिवस स्वतंत्र गाडी, ड्रायव्हर आणि मार्गदर्शक बाई अशी सोय करून दिली होती.

वन्सं सांगत होत्या, "क्योतोला एका मंदिरात कान्नोनच्या हजार आणि एक मूर्ती. कान्नोन म्हणजे आपला अवलोकितेश्वर. नाराला तोदाइजी मंदिरात केवढा तरी प्रचंड बुद्ध! इ. स. ७५२ मध्ये त्या मूर्तीचे डोळे उघडण्याचा विधी झाला, तो कुणी केला माहीत आहे? बोधिसेन नावाच्या आपल्याकडच्या भिक्षूने! बरोबर ती बाई नसती ना, तर मी मूर्तीला नमस्कार केला असता, फोटो काढला असता आणि पुढे गेले असते."

सासूबाई शेंगा सोलत ऐकत होत्या. मान वर न करता म्हणाल्या, "आपल्या एकवीरेशेजारी ते लेणं आहे ना, तेसुद्धा कुणी दाखवलं असतं तर बरं झालं असतं. चाळीस वर्षं गेले मी कार्ल्याला. दर वेळी पिशव्या आणि चपला सांभाळत बाहेर बसले."

वन्सं गप्प झाल्या. मीही गप्प झाले. कारण गेली बारा वर्षं तर मीही बघत होते. कार्ल्याची एकवीरा ही आमची कुलदेवता. वर्षातून एकदा सगळं घर जातं. दर्शन झालं की पुरुषमंडळी आणि मुलं "जरा लेणं बघून येतो" म्हणून जातात, मी कुणाच्या तरी बाळाला घेऊन मागे धावते, आणि सासूबाई नारळ, प्रसाद, पाण्याच्या बाटल्या यांच्या राशीत बसून राहतात. "आई, तुम्ही चला" असं कुणी म्हटलंच नाही. मीही नाही.

त्या रात्री मी ठरवलं. सासूबाईंचे गुडघे आता बोलायला लागले आहेत. आणखी दोन वर्षांनी पायऱ्या चढवतील की नाही कोण जाणे! परदेशात गाडी-ड्रायव्हर-मार्गदर्शक करावा, आणि घरापासून दीड-दोन तासांवरच्या ठिकाणी मात्र धावतपळत जावं, हे काही खरं नाही. शाळेतल्या माझ्या अर्धवेळच्या पगारातून थोडे बाजूला टाकलेले होते. शेजारच्या वहिनी वाटेकरी झाल्या. आमचे हे म्हणाले, "गाडी कशाला, मीच नेतो की!" मी म्हटलं, "तुम्ही न्याल, पण थांबाल का?" ह्यांनी हसून हात जोडले.

आधी अंबरनाथ

मार्गदर्शक मिळवायला जरा वेळ लागला. मागे एकदा सहलीत एक गृहस्थ भेटले होते. सगळं बोलणं ह्यांच्याशी, मी काही विचारलं तरी उत्तर ह्यांनाच! शिवाय दर मूर्तीला "हे पांडवांनी एका रात्रीत केलं" हे ठरलेलं. त्यामुळे या वेळी चौकशी करून, आमच्या शाळेतल्या एका बाईंच्या ओळखीने, प्राचीन इतिहास घेऊन एम. ए. झालेल्या मार्गदर्शक बाई ठरवल्या. त्याच म्हणाल्या, "एकदम डोंगर नको. आजींना आधी सपाटीवरचं काहीतरी दाखवू." म्हणून पहिला अर्धा दिवस अंबरनाथ.

वालधुनी नदीच्या काठचं हे शिवमंदिर आपल्या इतकं जवळ, पण महाशिवरात्रीच्या गर्दीखेरीज मी तिथं गेलेच नव्हते. बाईंनी पहिली गोष्ट केली, ती म्हणजे आम्हांला आत जाऊच दिलं नाही! "आधी बाहेरून एक फेरी. नजर पायथ्याशी ठेवा आणि हळूहळू वर न्या." भिंत सरळ नाहीच. कोपऱ्याला कोपरा, घडीला घडी, निऱ्या घातल्यासारखी. प्रत्येक घडीवर मूर्ती. वर लहान लहान शिखरांच्या माळा एकावर एक चढत गेलेल्या. या पद्धतीला भूमिज शैली म्हणतात. काळ्या दगडाच्या त्या भिंती इतकी वर्षं नुसत्या 'जुन्या' वाटायच्या. आता त्यांत नर्तकी, देव, ऋषी वेगवेगळे दिसायला लागले.

उत्तरेकडच्या दाराच्या तुळईवर शिलालेख आहे. त्यात शके ९८२, म्हणजे इ. स. १०६० असा काळ येतो आणि शिलाहार राजा मुम्मुणीचं नाव आहे. ठाण्याला राजधानी असलेल्या या शिलाहारांचं राज्य उत्तर कोकणावर होतं. "म्हणजे पांडव नव्हेत?" वहिनींनी विचारलं. "नव्हेत," बाई म्हणाल्या, "पण पाथरवट आपल्यातलेच होते. त्यांचं श्रेय पांडवांना कशाला द्यायचं?"

गाभाऱ्यात जायला मात्र पायऱ्या उतराव्या लागतात. सासूबाई माझ्या खांद्यावर हात ठेवून एकेक पायरी उतरल्या. वरचं शिखर आता पुरतं नसल्यामुळे गाभारा वरून उघडा आहे. खाली गारवा आणि वर आभाळ. सासूबाई पिंडीपुढे बऱ्याच वेळ बसल्या. कुणी "चला, चला" म्हणालं नाही.

आणि मग कार्ला

पुढच्या आठवड्यात, मुद्दाम मधल्या वारी, आम्ही सकाळी साडेसहाला पनवेल सोडलं. ड्रायव्हरदादा पनवेल तालुक्यातलेच. वाटेत कळलं की त्यांचीही कुलदेवता एकवीराच. "आम्हा आगरी-कोळ्यांची आईच ती," ते म्हणाले. "वर्षातनं पंचवीस फेऱ्या होतात गिऱ्हाइकं घेऊन."

गाडी बरीच वरपर्यंत जाते, तरी पुढे पायऱ्या आहेतच. दर वीस पायऱ्यांवर थांबायचं, असं आधीच ठरवलं होतं. थांबलं की बाई एखादी गोष्ट सांगत, त्यामुळे सासूबाईंना आपल्यासाठी सगळे खोळंबलेत असं वाटलं नाही. युक्ती साधी, पण मला बारा वर्षांत सुचली नव्हती.

आधी देवीची ओटी भरली. मग सवयीने सासूबाई पिशव्या जवळ ओढून कठड्यावर बसायला लागल्या. ड्रायव्हरदादा नारळ घेऊन वर आलेच होते. ते म्हणाले, "आजी, द्या त्या इकडं. मी बसतो." तिकिटं काढली आणि आम्ही आत गेलो.

दाराशी डाव्या हाताला उंच सिंहस्तंभ आहे, माथ्यावर चार सिंह. ओसरीच्या भिंतीवर दगडी हत्ती आणि स्त्री-पुरुषांच्या जोड्या कोरलेल्या. सासूबाई एका जोडीसमोर थांबल्या त्या थांबल्याच. "हा कमरपट्टा बघ. पायांत किती जड वाळे! आणि दोघं कशी शेजारी उभी आहेत. ती मागे नाही हं उभी." दागिने ओळखण्यात बाईंपेक्षा सासूबाईच पुढे होत्या, आणि बाई ते कौतुकाने ऐकत होत्या.

आत पाऊल टाकलं आणि माझा श्वासच अडखळला. १२४ फूट लांब, ४५ फूट रुंद दालन, अखंड डोंगरातून कोरून काढलेलं! भारतातल्या कोरीव चैत्यगृहांत हे सर्वांत मोठं. दोन्ही बाजूंना पंधरा-पंधरा नक्षीचे खांब, प्रत्येकाच्या पायाशी रांजणासारखा घट, माथ्यावर हत्तींवर बसलेल्या जोड्या. शेवटी स्तूप. दारावरच्या कमानदार गवाक्षातून येणारा उजेड थेट त्याच्यावर पडावा अशी योजना. "आता वर बघा," बाई म्हणाल्या. छताला खऱ्या लाकडाच्या कमानी आहेत. सागवानी, आणि लेण्याच्या काळातल्याच मानल्या जातात. म्हणजे सुमारे दोन हजार वर्षांच्या! जगातल्या सर्वांत जुन्या लाकडी इमारती जपानमध्ये, नाराजवळच्या होर्युजी मंदिरात आहेत असं सांगतात, आणि त्या सातव्या शतकाच्या सुमाराच्या. आमच्या दारच्या या कमानी त्याहून जुन्या, आणि आम्ही बाहेर पिशव्या सांभाळत बसलो होतो!

मग बाईंनी खांबांवरची अक्षरं दाखवली. लिपी ब्राह्मी. हे लेणं कुणा एका राजाने बांधलेलं नाही. वैजयंतीच्या भूतपाल नावाच्या शेटजींनी, धेनुकाकट गावच्या लोकांनी, त्यांत यवन म्हणजे ग्रीकही, असं सगळ्यांनी मिळून केलेलं. कुणी खांब दिला, कुणी दार, कुणी एखादी मूर्ती.

"आणि बायका?" सासूबाईंनी विचारलं.

"आहेत ना! इथं एका भिक्षुणीने कठड्याच्या नक्षीचं दान केलंय. लेखात तिने आपली ओळख घुणिकाची आई अशी दिली आहे. समोरच्या डोंगरात भाजे लेणी आहेत, ती याहून जुनी. तिथं एका नांगरधाऱ्याच्या बायकोचं दान कोरलेलं आहे."

"नांगरधाऱ्याची बायको!" सासूबाई पुटपुटल्या. जरा वेळाने म्हणाल्या, "तिनं कुठून साठवले असतील गं पैसे?"

हा प्रश्न इतिहासाच्या कुठल्या पुस्तकात नसेल. पण डाळीच्या डब्यात नोटा ठेवणाऱ्या आपल्यापैकी प्रत्येकीला तो पटकन कळेल.

बाहेर आल्यावर सासूबाईंनी पिशव्या आपल्याकडे घेतल्या आणि ड्रायव्हरदादांना म्हणाल्या, "आता तू जा रे बाबा आत. वर्षातनं पंचवीसदा येतोस म्हणालास ना? कधी बघितलंस?" ते संकोचले. कधीच गेले नव्हते. मी तिकीट काढलं. बाई पुन्हा त्यांच्याबरोबर आत गेल्या आणि चांगल्या वीस मिनिटांनी दोघं बाहेर आली. दुपारी डबे उघडले तेव्हा त्यांना वेगळं बसू द्यायचं नाही हे सासूबाईंनीच ठरवलं होतं.

भाज्याला मी आणि वहिनी बाईंबरोबर वर गेलो. सासूबाई खाली चहा घेत दादांशी गप्पा मारत बसल्या. एका दिवसात एकच चढ, हा नियम आम्ही मोडला नाही. पण या वेळचं बसणं त्यांनी स्वतः निवडलेलं होतं.

तुम्ही जाणार असाल तर

– गाडी ठरवताना पैसे दिवसाचे की किलोमीटरचे, टोल आणि पार्किंग कुणाकडे, ड्रायव्हरचा भत्ता वेगळा का, हे आधी बोलून घ्यावे. शक्य तर लिहून घ्यावे. मागाहून वाद नको.

– मार्गदर्शकाकडे पर्यटन खात्याचे ओळखपत्र असल्यास पाहावे. नसल्यास शिक्षण व अनुभव विचारावा. मंडळीत वयस्कर कोणी असल्यास आधी कळवावे, म्हणजे त्या बेताने वेळ आखता येतो.

– दिवसाला दोनच ठिकाणे घ्यावीत. रविवार, चैत्रातली यात्रा आणि नवरात्र टाळावे. पावसाळ्यात पायऱ्या निसरड्या असतात.

– स्वच्छतागृहाचा प्रश्न आपण संकोचाने बोलत नाही आणि मग दिवसभर पाणी पीत नाही. द्रुतगती मार्गावर फूड मॉलला थांबायचे, हे निघण्यापूर्वीच ड्रायव्हरला सांगून ठेवावे.

– बरोबर छोटी बॅटरी, टोपी, मऊ तळाच्या चपला आणि काठी असावी. पिशवी एकच, तीही हलकी! मूर्तींना हात लावू नये, हळद-कुंकू किंवा तेल वाहू नये. दगडाची त्याने झीज होते.

– खर्च चौघींनी वाटून घेतल्यास बोजा वाटत नाही. आम्हा तिघींत गाडी आणि बाईंचे मानधन मिळून प्रत्येकीला एका बऱ्यापैकी साडीइतका खर्च आला.

परतताना घाटात सासूबाईंचा डोळा लागला. पनवेल आलं तशा जाग्या झाल्या आणि घरात शिरताच वन्संना फोन लावला. "अगं, तुझी सरस्वती असू दे तिकडे," त्या मोठ्यांदा सांगत होत्या, "इथं आपल्या कार्ल्याला घुणिकाची आई आहे. दोन हजार वर्षं झाली, तिचं नाव आहे तिथं. तू आलीस की मी दाखवीन तुला."

'मी दाखवीन', असं त्या म्हणाल्या. माझे पैसे तिथंच वसूल झाले.