‘नत्था’नंतरचे ओंकारदास : एका चरित्र अभिनेत्याची वाटचाल

भिलाई (छत्तीसगड) : पोलाद कारखान्याच्या या शहरातील ओंकारदास माणिकपुरी हे नाव ऑगस्ट २०१० मध्ये ‘पीपली लाइव्ह’ प्रदर्शित झाला तेव्हा देशभर पोहोचले. अनुषा रिझवी दिग्दर्शित या चित्रपटात कर्जबाजारी शेतकरी नत्था त्यांनी साकारला होता. ही भूमिका स्वतः करण्याचा विचार निर्माते आमिर खान यांच्या मनात होता. माणिकपुरी यांची चाचणी पाहिल्यावर त्यांनी तो सोडून दिला. इतक्या मोठ्या प्रारंभानंतरही माणिकपुरी नायक झाले नाहीत, चरित्र अभिनेतेच राहिले.

याचे मूळ त्यांच्या घडणीत शोधावे लागते. ते छत्तीसगडच्या ‘नाचा’ या लोकनाट्यातून आणि हबीब तन्वीर यांच्या ‘नया थिएटर’मधून आले. नाचा रात्रभर चालतो, पुरुषच स्त्रीपात्रे रंगवतात आणि त्यातील ‘जोकर’ आपल्या तमाशातील सोंगाड्याचा सख्खा भाऊ शोभावा असा असतो. संहिता लिहिलेली नसते. हजरजबाबीपणावर खेळ उभा राहतो. या कलावंतांकडून हिंदी संवाद पाठ करून घेणे आणि रंगमंचावरील त्यांच्या हालचाली आधीच आखून देणे ही आपली चूक होती, हे तन्वीर यांना अनेक वर्षांनी उमगले. त्यांना छत्तीसगढी बोलू दिले, मोकळे फिरू दिले, तेव्हा ‘चरणदास चोर’सारखे नाटक घडले. १९८२ मध्ये एडिनबरा महोत्सवात ते गौरवले गेले.

नत्थाचे मौन याच मुशीतले आहे. पत्रकार, अधिकारी, पुढारी अखंड बोलत असतात आणि ज्याच्या मरणाची चर्चा चालली आहे तो केवळ पाहत असतो. असा अभिनय ऐन वेळी शिकवून येत नाही.

परंतु चित्रपटसृष्टी चेहऱ्यावरून काम वाटते. किरकोळ अंगकाठीचा, ग्रामीण बोलीचा नट दिसला की शेतकरी, मजूर, आदिवासी एवढ्याच भूमिका पुढे येतात. ‘शोले’तील कालिया काही मिनिटांचाच, विजू खोटे यांना मात्र तो २०१९ मध्ये निधन होईपर्यंत चिकटून राहिला. फरक इतकाच की खोटे यांच्या पाठीशी मराठी रंगभूमी आणि मुंबईतील घर होते. भिलाईच्या नटाला प्रत्येक भूमिकेसाठी हजार किलोमीटरहून अधिक अंतर कापावे लागते. हिशेबाची ही बाजू सहसा कुणी मांडत नाही.

अमित मसुरकर यांच्या ‘न्यूटन’मध्ये (२०१७) माणिकपुरी पुन्हा दिसले, तेही रघुवीर यादव यांच्यासह, ‘पीपली लाइव्ह’मध्ये यादव त्यांचे थोरले भाऊ होते. दोन्ही चित्रपट ऑस्करसाठी भारताच्या अधिकृत प्रवेशिका ठरले. पहिल्यात कथा माणिकपुरी यांची होती, दुसऱ्यात ते कथेच्या कडेला होते. ‘न्यूटन’चे चित्रीकरण झाले दल्ली राजहरा परिसरात, म्हणजे जिथल्या खाणींतील लोहखनिजावर भिलाईच्या भट्ट्या चालत आल्या, तिथेच.