मधल्या फळीची नोकरी

फुटबॉलमध्ये गोलरक्षक वगळता उरलेले दहा खेळाडू बचावफळी, मधली फळी आणि आघाडीची फळी अशा तीन ओळींत उभे केले जातात, आणि या तिन्हींपैकी मधल्या फळीचे काम प्रेक्षकाच्या लक्षात सर्वांत उशिरा येते. आघाडीच्या खेळाडूने केलेला गोल सर्वांना दिसतो, बचावपटूची चूकही दिसते; पण प्रतिस्पर्ध्याचा हल्ला ज्या वाटेने येणार होता त्या वाटेवर चार पावले आधीच जाऊन उभे राहिल्यामुळे जो हल्ला झालाच नाही, त्याची नोंद कोठेही होत नाही. हे काम देशाच्या पहिल्या श्रेणीत, कॅमेऱ्यांसमोर करणाऱ्यांची नावे तरी लोकांना ठाऊक असतात. तेच काम मुंबईच्या स्थानिक लीगमध्ये किंवा राष्ट्रीय स्पर्धेच्या दुसऱ्या-तिसऱ्या श्रेणीत वर्षानुवर्षे करणारा, मीरा रोडला किंवा भाईंदरला राहून लोकलने मैदान गाठणारा खेळाडू त्याच्या इमारतीतल्या शेजाऱ्यांनाही खेळाडू म्हणून माहीत नसतो.

व्यावसायिक स्तरावरचा मधल्या फळीचा खेळाडू नव्वद मिनिटांत साधारण दहा ते बारा किलोमीटर धावतो, आणि त्या वेळात चेंडू त्याच्या पायाशी असतो तो जेमतेम दोन-तीन मिनिटे. म्हणजे त्याच्या कामाचा जवळजवळ सगळा वेळ चेंडूशिवाय जातो, आणि तो कसा जातो यावरच त्याची पात्रता ठरते. मैदानाच्या कडेला उभे राहून अशा एकाच खेळाडूवर नजर ठेवली, तर सर्वप्रथम लक्षात येते ती त्याच्या मानेची हालचाल. चेंडू दुसऱ्याच्या पायाशी असताना तो एकदा डाव्या खांद्यावरून आणि एकदा उजव्या खांद्यावरून मागे पाहून घेतो, पुन्हा चेंडूकडे पाहतो, आणि पास सुटण्याच्या क्षणी आणखी एकदा मागे नजर टाकतो. या सवयीला प्रशिक्षक ‘स्कॅनिंग’ म्हणतात. नॉर्वेचे संशोधक गेइर योर्डेट यांनी इंग्लंडच्या प्रीमियर लीगमधल्या खेळाडूंच्या चित्रफिती तपासून असे दाखवले, की पास मिळण्याआधी जो अधिक वेळा आजूबाजूला पाहतो त्याचे पुढचे पास अधिक प्रमाणात अचूक ठरतात. ज्याने पाहिलेले नसते, त्याच्यासाठी मुंबईच्या मैदानांवर सहकाऱ्यांची ठरलेली हाक असते: ‘मॅन ऑन’, म्हणजे पाठीवर माणूस आहे, चेंडू पहिल्याच स्पर्शात सोडून दे, आणि पाठीमागे कोणी नसेल तर ‘टाइम’ किंवा ‘टर्न’, म्हणजे वळायला अवधी आहे. चांगल्या हाफला, जुने खेळाडू मधल्या फळीच्या खेळाडूला अजूनही हाफच म्हणतात, या हाका ऐकू येण्याआधीच उत्तर माहीत असते.

दुसरी खूण त्याच्या शरीराच्या कोनात सापडते. नवखा खेळाडू पास घेताना चेंडू देणाऱ्याकडे पूर्ण तोंड करून उभा राहतो, त्यामुळे चेंडू आला की त्याला तो आल्या वाटेनेच परत द्यावा लागतो. मुरलेला खेळाडू अर्धवट वळून उभा राहतो, दूरच्या पायावर चेंडू घेतो आणि त्या एकाच स्पर्शात मैदानाचा पुढचा अर्धा भाग स्वतःसमोर आणतो. खालच्या श्रेणीत मात्र या नजाकतीपेक्षा एक खडबडीत कौशल्य अधिक कामाला येते. तेथे बचावपटू दबावाखाली चेंडू उंच पुढे मारतात, दोघे उडी घेतात, डोके कोणाचेही लागले तरी चेंडू मधल्या पट्ट्यात कोठेतरी पडतो, आणि त्या पडणाऱ्या चेंडूला, ज्याला ‘सेकंड बॉल’ म्हणतात, जो संघ आधी पोहोचतो त्याच्याकडे सामना झुकत जातो. उडी घेणाऱ्याच्या खांद्याचा कल, वारा, ओल्या हिरवळीवर चेंडू किती घसरेल याचा अंदाज यांतून तो कोठे पडणार हे अर्धा सेकंद आधी कळणे ही या खेळाडूची खरी विद्या आहे, आणि ती कोणत्याही शिबिरात शिकवली जात नाही. ती शेकडो सामने खेळून अंगी मुरते.

यासाठी पूर्ण आकाराचे मैदान लागते, आणि मीरा-भाईंदरच्या खेळाडूची पहिली अडचण तीच आहे. एके काळी मिठागरे, भातशेती आणि कोळी-आगरी गावे यांचा हा पट्टा. 1991 च्या जनगणनेत येथे 1,75,605 लोक होते, 2001 मध्ये 5,20,388 आणि 2011 मध्ये 8,09,378. महानगरपालिका 2002 मध्ये स्थापन झाली तोवर रेल्वेमार्गाच्या दोन्ही बाजूंच्या मोकळ्या जागा इमारतींनी भरत आल्या होत्या, आणि एका बाजूला खाडी व कांदळवने, दुसऱ्या बाजूला डोंगर असल्याने नव्या मैदानांना जागा उरत नव्हती. मोकळ्या मैदानाची जागा आता तासाच्या भाड्याने मिळणाऱ्या, जाळीने वेढलेल्या कृत्रिम हिरवळीच्या लहान चौकोनाने घेतली आहे, ज्याला सारे ‘टर्फ’ म्हणतात. टर्फवर पाच-पाच किंवा सहा-सहा जण खेळतात. तेथे पायाची चपळाई, अरुंद जागेत वळणे आणि छोटे पास उत्तम तयार होतात, ही त्याची जमेची बाजू निःसंशय मोठी आहे. वसई, उत्तन आणि मुंबईच्या ख्रिस्ती वस्त्यांत चालत आलेल्या रिंक फुटबॉलनेही, म्हणजे छोट्या मैदानावर मोजक्या खेळाडूंनी खेळल्या जाणाऱ्या स्पर्धांनीही, पिढ्यान्‌पिढ्या हेच कौशल्य दिले. परंतु मोठे मैदान शंभर मीटरहून अधिक लांब आणि साठ-सत्तर मीटर रुंद असते. चाळीस मीटरवरच्या सहकाऱ्याला चेंडू पोहोचवणे, बाजूचा बचावपटू हल्ल्यासाठी वर गेला की त्याची रिकामी जागा पाहून भरणे, दोन फळ्यांतले अंतर फाटू न देणे हे सगळे त्या चौकोनात शिकता येत नाही. त्यामुळे येथल्या मुलांत आघाडीचे खेळाडू लहान वयात घडतात आणि मधल्या फळीचे मात्र उशिरा, अठरा-एकोणीस वर्षांचे झाल्यावर, कोणत्या तरी क्लबात शिरल्यानंतर घडतात. खेळाडूच्या आयुष्यातली ही चार-पाच वर्षे पुढे कधीच भरून निघत नाहीत.

क्लब बहुधा दक्षिणेकडेच सापडतो. मुंबईच्या लीगचे सामने चर्चगेटजवळचे कूपरेज, वांद्र्याचे नेव्हिल डिसूझा मैदान, परळचे सेंट झेवियर्स अशा ठिकाणी होतात. त्यांपैकी वांद्र्याचे मैदान ज्यांच्या नावाने आहे त्या नेव्हिल डिसूझा यांनी 1956 च्या मेलबर्न ऑलिंपिकमध्ये ऑस्ट्रेलियाविरुद्ध तीन गोल केले होते. मीरा रोड ते चर्चगेट हे अंतर सुमारे 40 किलोमीटर आहे. विरारहून भरून आलेल्या गाडीत बूट, शिनगार्ड, क्रेप बँडेज, दोन जोडी मोजे आणि इलेक्ट्रॉलची बाटली कोंबलेली बॅग छातीशी धरून चढणे हाच दिवसाचा पहिला सराव असतो. सामना दुपारी असेल तर परतीची वेळ नेमकी कचेऱ्या सुटण्याच्या वेळेशी जुळते, आणि जो खेळाडू नुकताच नव्वद मिनिटे धावून आला आहे, ज्याच्या पोटऱ्यांत गोळे येत आहेत, तो तासभर उभ्याने घरी येतो. स्नायूंना सामन्यानंतर लगेच विश्रांती, पाणी आणि अन्न लागते हे प्रशिक्षण घेणाऱ्या प्रत्येकाला शिकवले जाते. विरार फास्टमध्ये या तिन्हींपैकी एकही मिळत नाही.

या कामाकडे उपजीविका म्हणून पाहायचे तर इंग्लंडशी तुलना करणे उपयोगी ठरते, कारण लीग ही कल्पनाच तेथून आली. इंग्लंडमध्ये वरच्या चार श्रेणींत मिळून 92 क्लब आहेत. पहिली श्रेणी प्रीमियर लीग, तिच्याखाली चॅम्पियनशिप, लीग वन आणि लीग टू, आणि त्याखाली नॅशनल लीगपासून गावपातळीपर्यंत उतरत जाणारी साखळी. मोसमाअखेर वरचे संघ वर जातात, तळाचे खाली येतात. लीग टूमध्ये चोवीस संघ प्रत्येकी 46 सामने खेळतात, आणि तेथल्या मधल्या फळीच्या खेळाडूचा करार बहुधा एक-दोन वर्षांचा असून तो 30 जूनला संपतो. त्याआधी प्रत्येक क्लब कोणाला ठेवणार आणि कोणाला सोडणार याची यादी जाहीर करतो. हे जीवन सुखाचे नाही, पण त्याला चौकट आहे: सोडलेल्या खेळाडूला एक पायरी खाली दुसरा क्लब असतो, 1907 पासून चालत आलेली खेळाडूंची संघटना असते. भारताचे बायचुंग भुतिया 1999 मध्ये ज्या बरी क्लबात गेले तो त्या वेळी तिसऱ्या श्रेणीत होता. तोच क्लब 2019 मध्ये आर्थिक कारणाने लीगमधून काढला गेला, यावरून त्या चौकटीलाही तडे जातात हे दिसते.

मुंबईत या चौकटीची जागा अनेक दशके नोकरीने भरून काढली. रोव्हर्स चषक 1891 मध्ये येथे सुरू झाला, वेस्टर्न इंडिया फुटबॉल असोसिएशन 1911 मध्ये स्थापन झाली, आणि स्वातंत्र्यानंतर टाटा, मफतलाल, महिंद्र, एअर इंडिया, रेल्वे, बँका यांच्या संघांनी खेळाडूला क्रीडा कोट्यातून, म्हणजे खेळाडूंसाठी राखलेल्या जागांवर, नोकरी दिली. सकाळी सराव, मग कचेरी, सामन्याच्या दिवशी सुट्टी आणि वयाच्या अठ्ठावनाव्या किंवा साठाव्या वर्षापर्यंत पगार असा हा व्यवहार होता. यात खेळाडू पूर्ण व्यावसायिक होत नसे हे खरे. परंतु गुडघा निकामी झाला तरी त्याच्या घरची चूल विझत नसे, आणि मधल्या फळीच्या खेळाडूसाठी, ज्याची किंमत गोलांच्या संख्येत मोजता येत नाही, हा आधार इतर कोणाहीपेक्षा मोलाचा होता.

याच मुंबईत इंग्लंडच्या खालच्या श्रेणीचा एक जुना माणूस येऊन राहिला. डेव्हिड बूथ हे बार्न्सली आणि ग्रिम्सबी टाउनसाठी खेळलेले बचावपटू, पुढे ग्रिम्सबीचे व्यवस्थापक. त्यांनी महिंद्र युनायटेडला 2003 चा फेडरेशन चषक मिळवून दिला आणि 2007 मध्ये स्थापन झालेल्या मुंबई एफसीला पहिल्याच प्रयत्नात देशाच्या तेव्हाच्या पहिल्या श्रेणीत, म्हणजे आय-लीगमध्ये, नेले. त्यांच्या हाताखाली खेळलेले खालिद जमील स्वतः मधल्या फळीचे खेळाडू. महिंद्र, एअर इंडिया आणि मुंबई एफसी असा त्यांचा प्रवास सर्वस्वी मुंबईतच झाला, आणि 2009 मध्ये खेळ थांबवून त्यांनी मुंबई एफसीचे प्रशिक्षकपद सुमारे सात वर्षे सांभाळले. मुंबईचेच स्टीव्हन डायस हेही मधल्या फळीच्या बाजूने खेळणारे. ते 2011 च्या आशियाई चषकापर्यंत पोहोचले.

त्यानंतर आधार एकेक करून निखळले. महिंद्र युनायटेड, 2005-06 ची राष्ट्रीय लीग जिंकलेला संघ, 2010 मध्ये बंद झाला. एअर इंडिया आणि ओएनजीसी हे संघ 2012-13 नंतर क्लबांसाठीच्या निकषांमुळे आय-लीगमध्ये राहिले नाहीत. 2016-17 च्या मोसमात खालिद जमील यांच्या मार्गदर्शनाखाली, आदल्या वर्षी खाली ढकलला गेलेला आणि नंतर पुन्हा सामावून घेतलेला मिझोरमचा ऐझॉल एफसी आय-लीगचा विजेता ठरला, आणि त्या संघात मुंबईचे जयेश राणे मधल्या फळीत व आशुतोष मेहता बचावात होते; त्याच मोसमात मुंबई एफसी तळाला राहून बाहेर पडला. शहराने घडवलेली माणसे दोन हजारांहून अधिक किलोमीटर दूर जाऊन जिंकली आणि शहराचा स्वतःचा संघ संपला, हे मुंबईच्या फुटबॉलवरचे सर्वांत कठोर भाष्य आहे. जमील ऑगस्ट 2025 मध्ये भारताचे मुख्य प्रशिक्षक झाले. परंतु त्याच सुमारास देशाची पहिली श्रेणी, म्हणजे 2014 मध्ये सुरू झालेली इंडियन सुपर लीग (आयएसएल), व्यापारी करारावाचून अनिश्चित काळासाठी थांबवली गेली आणि काही क्लबांनी खेळाडूंचे पगार रोखले. शिडीची वरची पायरीच हलत असेल, तर आय-लीग, आय-लीग टू आणि 2023 मध्ये जोडलेली आय-लीग थ्री या खालच्या पायऱ्यांवर उभ्या असलेल्यांनी कशाला धरायचे, हा प्रश्न मीरा रोडच्या घरात अगदी व्यावहारिक स्वरूपात विचारला जातो. मुलगा चोवीस वर्षांचा होतो, करार सहा महिन्यांचा असतो, आणि क्रीडा कोट्याची जाहिरात कधी येईल याकडे सगळे घर डोळे लावून बसते.

कोल्हापूरचे चित्र याहून वेगळे आहे. शाहू स्टेडियमवर पाटाकडील, खंडोबा, दिलबहार, प्रॅक्टिस, बालगोपाल या संघांचे सामने पाहायला पेठाच्या पेठा लोटतात, आणि तेथल्या हाफला निदान त्याच्या गल्लीत मान असतो. मुंबईने नोकरी दिली पण प्रेक्षक दिला नाही; आता नोकरीही आटली आहे.

तिशी ओलांडल्यावर हा खेळाडू सहसा दोन दिशांना जातो. काही जण अखिल भारतीय फुटबॉल महासंघाचा डी परवाना, म्हणजे प्रशिक्षकपदाची प्राथमिक पात्रता, घेऊन शाळांत किंवा टर्फवर मुले शिकवतात. उरलेले रविवारच्या स्पर्धांत खेळत राहतात. मधल्या फळीत मिळालेले माणसे वाचण्याचे शिक्षण प्रशिक्षकाच्या कामात थेट उपयोगी पडते, आणि जमील यांच्याकडे पाहता हे निव्वळ समाधानासाठी केलेले विधान नाही. मीरा-भाईंदरमध्ये असे शिकवणारे आहेत, शिकायला येणारी मुले त्याहून कितीतरी अधिक आहेत. या आठ लाखांहून मोठ्या शहराने त्यांच्यासाठी पूर्ण मापाची, सभा-समारंभांना न दिली जाणारी, पावसाळ्यात पाण्याखाली न जाणारी फुटबॉलची मैदाने राखावीत, ही मागणी मोठी नाही. आणि वाचकांपैकी कोणाचे कूपरेजच्या किंवा वांद्र्याच्या मैदानावरून जाणे झाले, तर त्यांनी दहा मिनिटे थांबावे, चेंडूवरून नजर काढावी आणि मधोमध उभ्या असलेल्या त्या एका खेळाडूची मान किती वेळा वळते ते मोजावे.